तीन अडसर आहेत, कडी नाही : ग्लॉक १७ (पाचवी पिढी)

ग्लॉक १७ पहिल्यांदा हातात घेणारा माणूस अंगठ्याने डावी बाजू चाचपतो. स्लाइड (पिस्तुलाचा वरचा, पुढे-मागे सरकणारा भाग) अडकवायची पट्टी सापडते, मॅगझिन (काडतुसांची पेटी) सोडायचं बटण सापडतं, सेफ्टी काही सापडत नाही. सापडणारही नाही, कारण दिलेलीच नाही. या पिस्तुलाच्या पोटात तीन अडसर आहेत. ट्रिगर दाबला की ते आपोआप सरकतात, सोडला की आपोआप पडतात. बाहेरून लावायची कडी मात्र नाही. आमचं मत आधीच सांगतो: पडणं, आपटणं, हिसका बसणं यांतून हे पिस्तूल चुकून उडणार नाही याची काळजी फार चांगली घेतलेली आहे. बोटापासून काहीही संरक्षण नाही. आणि आपल्याकडच्या पोलीस-जवानांच्या हाताला सवय आहे ती नेमक्या उलट्या स्वभावाच्या पिस्तुलाची.

मुंबईच्या बोलीत पिस्तुलालाच घोडा म्हणतात. ग्लॉकला घोडाच नाही. मागे हातोडीसारखा उचललेला तुकडा दिसत नाही, कारण तो आतही नाही. स्लाइडमध्ये सरळ पुढे-मागे धावणारी फायरिंग पिन आणि तिच्यावर चढवलेली स्प्रिंग, एवढाच कारभार. कल्पना नवी नव्हती. ऑस्ट्रिया-हंगेरीच्या घोडदळाच्या १९०७च्या रोथ-स्टायर पिस्तुलातही पिन अर्धवट ताणलेली राहायची आणि उरलेला ताण ट्रिगरने द्यावा लागायचा, म्हणजे बिथरलेल्या जनावरावरच्या स्वाराकडून सहजासहजी बार उडू नये. घोड्यावरच्या माणसांसाठी बिनघोड्याचं पिस्तूल! गास्टोन ग्लॉक हे पडद्यांचे दांडे आणि सैन्यासाठी चाकू बनवणारे कारखानदार. पिस्तूल त्यांनी त्याआधी कधी बनवलं नव्हतं. १९८२ साली ऑस्ट्रियाच्या सैन्याने त्यांचं पिस्तूल पी८० या नावाने स्वीकारलं. इथे आढावा आहे तो २०१७ साली आलेल्या पाचव्या पिढीचा: ९×१९ मिमी काडतूस, ११४ मिमीची नळी, पॉलिमरची फ्रेम, मॅगझिनमध्ये १७ काडतुसं, रिकाम्या मॅगझिनसह वजन साधारण ७०० ग्रॅम.

स्लाइड मागे ओढून सोडली की ती पुढे जाताना फायरिंग पिनचा खाली आलेला दात ट्रिगर बारच्या, म्हणजे ट्रिगरला जोडलेल्या दांडीच्या, मागच्या टोकाला अडकतो. हे टोक अधिकच्या चिन्हासारखं आहे. पिन तिथेच थांबते, स्लाइड पुढे निघून जाते, आणि स्प्रिंग अर्धवट दाबलेल्या अवस्थेत राहते. खिशात, होल्स्टरमध्ये, कमरेला, भरलेलं ग्लॉक नेहमी याच अवस्थेत असतं. ट्रिगर ओढला की बार मागे सरकतो, पिनला आणखी मागे नेतो, स्प्रिंग पूर्ण ताणली जाते. मग कनेक्टर नावाची वाकवलेली पत्र्याची पट्टी बारचं टोक खाली दाबते, दात सुटतो आणि पिन काडतुसाच्या बुडाशी असलेल्या, ठोका बसला की पेटणाऱ्या टोपीवर आदळते. म्हणजे ट्रिगरचं काम दोन प्रकारचं आहे, ताणायचं आणि सोडायचं. तीनही अडसर या एकाच हालचालीच्या वाटेवर ओळीने बसवलेले आहेत.

पहिला अडसर ट्रिगरमध्येच आहे. ट्रिगरच्या मधोमध एक अरुंद पातं आहे. ते दाबलेलं नसलं की त्याचा मागचा भाग फ्रेमला टेकतो आणि ट्रिगर मागे जाऊ शकत नाही. बोट नीट समोरून आलं तर पातं आधी दबतं. कडेने काही घासलं किंवा ट्रिगर स्वतःच्या वजनाने मागे जाऊ पाहू लागला, तर अडतं. लोक या पात्याला हसतात: सेफ्टीचं बटण ट्रिगरवरच असेल तर उपयोग काय? बोट थांबवण्यासाठी ते दिलेलं नाहीच. ट्रिगरलाही वजन असतं आणि पिस्तूल आपटलं की ते वजन काम करतं, त्यासाठी आहे. हा मुद्दा पुढे येईल.

दुसरा अडसर सगळ्यात महत्त्वाचा. स्लाइडच्या आत स्प्रिंगवर बसवलेली स्टीलची एक बुटकी खुंटी आहे. फायरिंग पिनची वाट ती अडवून ठेवते. पिन पुढे निसटली तरी खुंटीला आदळून थांबते, टोपीपर्यंत पोहोचत नाही. ट्रिगर बारवर एक उंचवटा आहे. बार मागे येताना हा उंचवटा खुंटीला वर ढकलतो आणि वाट मोकळी होते. इतर दोन अडसर पिन सुटू देत नाहीत, ही खुंटी सुटलेल्या पिनलाही अडवते. घरात कडी लावूनही आत दुसरं दार असावं, तसं.

तिसरा अडसर म्हणजे फ्रेममागच्या यंत्रणेच्या खोक्यात असलेला एक छोटा कट्टा (गावठी नव्हे). ट्रिगर बारच्या अधिकचिन्हाची एक भुजा या कट्ट्यावर टेकलेली असते. ट्रिगर पुढे आहे तोवर भुजेखाली कट्टा आहे, म्हणून टोक खाली घसरूच शकत नाही आणि पिनचा दात सुटत नाही. बार जवळपास पूर्ण मागे आला की कट्टा संपतो आणि मगच टोकाला खाली जायला जागा मिळते. पिस्तूल कितीही जोरात आपटलं तरी दात निसटू नये, ही या कट्ट्याची जबाबदारी.

हे सगळं साधारण १२.५ मिमीच्या प्रवासात आणि अडीच किलोच्या आसपासच्या ओढीत घडतं. सुरुवातीचा प्रवास मऊ लागतो, मग भिंत लागल्यासारखं अडतं, मग सुटतं. बोट पूर्ण सोडल्यावर अडसर उलट क्रमाने आपापल्या जागी येतात. एक फळ असं की प्रत्येक गोळीला ट्रिगर सारखाच लागतो. घोड्याच्या डबल ॲक्शन पिस्तुलात पहिली ओढ लांब आणि जड, दुसरी छोटी आणि हलकी, आणि दोन्हींचा सराव वेगवेगळा करावा लागतो. इथे ते नाही. शिकवायला सोपं पिस्तूल म्हणून याची ख्याती आहे, आणि ती खरी आहे.

आता ट्रिगरच्या वजनाची गोष्ट. अमेरिकेतल्या उद्योगाची प्रमाण चाचणी अशी: पिस्तूल ४ फुटांवरून, म्हणजे १.२२ मीटरवरून, काँक्रीटवर अंथरलेल्या एक इंच जाड रबरी चटईवर वेगवेगळ्या बाजूंनी टाकायचं. जमिनीला लागताना वेग सेकंदाला जवळपास ४.९ मीटर होतो. पिस्तूल थांबतं, पण आतला प्रत्येक सुटा तुकडा त्याच वेगाने पुढे जाऊ पाहतो. नळी खाली करून पडलं तर फायरिंग पिन स्वतःच्याच वजनाने टोपीकडे धावते. १९११च्या कोल्टमध्ये आणि जुन्या ब्राउनिंगमध्ये पिन मागे धरून ठेवायला फक्त स्प्रिंग होती, खुंटी नव्हती. कोल्टने १९८३ साली सिरीज ८०मध्ये ट्रिगरने उचलला जाणारा अडथळा घातला, आणि ट्रिगरची मजा गेली म्हणून नेमबाज अजून कुरकुरतात. मागची बाजू खाली करून पडलं तर उलट होतं: ट्रिगर मागे यायला बघतो. २०१७ साली सिग साउअरच्या पी३२०बाबत नेमकं हेच समोर आलं. त्यात फायरिंग पिनचा अडथळा होता, प्रमाण चाचणीही ते पास होतं. पण स्लाइडचा मागचा भाग एका ठराविक कोनात जमिनीवर आपटला की जड ट्रिगर जडत्वाने मागे जायचा आणि अडथळे स्वतःच उघडायचे. अमेरिकी सैन्याने त्याच वर्षाच्या जानेवारीत या पिस्तुलाची निवड केली होती. ऑगस्टमध्ये कंपनीने मोफत दुरुस्ती जाहीर केली. तिच्यात ट्रिगर, सिअर (पिनला अडवून धरणारा तुकडा) आणि स्ट्रायकर (त्यातली फायरिंग पिन) हलके केले आणि वेगळा डिस्कनेक्टर (ट्रिगरचा संबंध तोडणारा तुकडा) बसवला. ट्रिगरमधल्या त्या हास्यास्पद पात्याचं काम काय, हे यावरून कळावं. आतले अडसर ट्रिगरने उघडत असतील, तर ट्रिगर आपोआप हलता कामा नये. बाकी सगळं त्यानंतर.

मग या पिस्तुलात काय नाही? दोन गोष्टी, आणि भारतीय वाचकाने त्यातली दुसरी दोनदा वाचावी.

अंगठ्याची सेफ्टी नाही, हे सगळ्यांना माहीत असतं. मॅगझिन डिस्कनेक्ट नाही, हे पुष्कळांना माहीत नसतं. ईशापूरच्या रायफल फॅक्टरीत बनणारं ९ मिमी १ए पिस्तूल आपल्या पोलीस-सैन्यदलांत वर्षानुवर्षं आहे. ते ब्राउनिंग हाय-पॉवरची भारतीय आवृत्ती आहे. त्यात अंगठ्याची सेफ्टी आहे, १३ काडतुसांचं मॅगझिन आहे, आणि मॅगझिन काढलं की ट्रिगरचा संबंध तुटतो: चेंबरमध्ये, म्हणजे नळीच्या मागच्या टोकाशी, काडतूस असलं तरी गोळी सुटत नाही. ग्लॉकमधून सुटते. मॅगझिन हातात, चेंबरमध्ये एक काडतूस, ट्रिगर दाबला, गोळी सुटली. १ए वर हात बसलेला माणूस "मॅगझिन काढलंय, आता काय" असं नकळत मानत असतो, आणि ही सवय सांगून जात नाही, सरावानेच जाते. अर्थात १ए ची पद्धतही निर्दोष नाही. पिस्तूल रिकामं केल्यावर घोडा उतरवायचा तर त्या डिस्कनेक्टमुळे रिकामं मॅगझिन पुन्हा आत घालावं लागतं, आणि चुकून भरलेलं घातलं की काय होतं ते सांगायला नको. शिवाय मॅगझिनच्या पत्र्यावर घासणाऱ्या तुकड्यामुळे ट्रिगर खरबरीत लागतो. ब्रिटिश सैन्याने २०१३ साली असाच बदल केला, हाय-पॉवर काढून २५ हजारांहून अधिक ग्लॉक १७ घेतली. आपल्याकडे एनएसजीसारख्या दलांत ग्लॉक आहे. तिथे सराव रोजचा असतो. वर्षाकाठी मोजक्या गोळ्या झाडायला मिळणाऱ्या ठाण्यात हेच पिस्तूल द्यायचं असेल, तर आधी सरावाच्या गोळ्यांची सोय व्हायला हवी, पिस्तुलाची नंतर.

दुसरी आमची तक्रार उघडण्याच्या पद्धतीची. ग्लॉक साफ करायला उघडायचं तर ट्रिगर दाबावाच लागतो. क्रम असा: मॅगझिन काढायचं, मगच स्लाइड मागे ओढून अडकवायची, चेंबर डोळ्याने बघायचं आणि करंगळी घालून चाचपायचं, स्लाइड पुढे सोडायची, सुरक्षित दिशेला, म्हणजे वाळूच्या पेटीकडे, धरून ट्रिगर दाबायचा, स्लाइड जेमतेम अडीच-तीन मिमी मागे धरून दोन्ही बाजूंचं कुलूप खाली ओढायचं, स्लाइड पुढे काढून घ्यायची. स्लाइड त्याहून जास्त मागे गेली तर पिन पुन्हा ताणली जाते आणि पहिल्यापासून सुरुवात. यात पहिल्या दोन पायऱ्या उलट झाल्या, आधी स्लाइड आणि मग मॅगझिन, की एक काडतूस बाहेर पडतं आणि मॅगझिनमधलं दुसरं चेंबरमध्ये जाऊन बसतं. हाताला वाटतं आपण रिकामं केलं. मग ट्रिगर. पी३२० उघडताना ट्रिगर दाबावा लागत नाही. इतकी वर्षं झाली, पाच पिढ्या झाल्या, ग्लॉकने हे बदलायला हवं होतं.

होल्स्टर हा या पिस्तुलाचा चौथा अडसर समजावा. ट्रिगर आणि त्याभोवतीचं कडं पूर्ण झाकणारं, कडक साच्याचं होल्स्टर हवं. जुनं चामड्याचं होल्स्टर तोंडाशी मऊ पडून आत दुमडतं, आणि पिस्तूल खाली ढकलताना तीच घडी ट्रिगरवर समोरून येते. पात्याला चामडं आणि बोट यातला फरक कळत नाही. शर्टाचं टोक, जॅकेटची नाडी, लॅनयार्डची दोरी यांचंही तसंच. काढताना घाई समजू शकतो, परत ठेवताना घाई कशाला? बघून, हळू ठेवावं, आणि अडलं तर जोर लावू नये. रिकाम्या कमरपट्ट्यात खोचण्यासाठी तर हे पिस्तूल मुळीच नाही.

अडसर बिघडला तर कळतं का? इथे गोम आहे. नेम बिघडला की लगेच कळतो, काडतूस अडकलं की लगेच कळतं. खुंटी वरच्या वर अडकून राहिली तर पिस्तूल अगदी नेहमीसारखं चालतं. फक्त पडल्यावर अडवायला कोणी नसतं. ट्रिगरचं पातं घाणीने दबलेलं राहिलं तरी तसंच. म्हणून सफाईनंतर दर वेळी तपासणी करायची, काडतुसं दुसऱ्या खोलीत ठेवून.

पात्याची तपासणी: रिकामं पिस्तूल ताणलेलं असताना ट्रिगर दोन्ही कडांनी चिमटीत धरून, पात्याला न लागता, मागे ओढायचा. हलता कामा नये. मग नेहमीसारखा दाबायचा, दाबूनच ठेवायचा, स्लाइड ओढून सोडायची आणि ट्रिगर हळू सोडायचा; टक् असा आवाज येऊन तो पुढे आला पाहिजे. खुंटीची तपासणी स्लाइड वेगळी केल्यावर: पिनचा दात मागे ओढून हळू पुढे आणायचा, तो खुंटीला टेकेल. आता अंगठ्याने दात पुढे रेटला तरी पिनचं टोक स्लाइडच्या तोंडाशी बाहेर यायला नको. खुंटी दाबून धरली की यायला हवं. खुंटी दाबलेलीच ठेवून स्लाइड हलवली तर पिनचा खुळखुळाट ऐकू आला पाहिजे. आवाज बसका असेल तर आत घाण आहे. कट्ट्याची आणि टोकाच्या पकडीची तपासणी आर्मररने, म्हणजे शस्त्रांची देखभाल करणाऱ्या तंत्रज्ञाने, करायची. त्याच्याकडे खिडकी कापलेली नारिंगी पाठपट्टी असते. तीतून पिनचा दात बारच्या टोकावर निदान दोन तृतीयांश बसलेला दिसायला हवा.

घाण येते कुठून? बहुतेक वेळा तेलातून. बंदूक म्हटलं की तेलाने न्हाऊ घालायची आपल्याकडे जुनी सवय आहे, आणि लोखंडी रायफलला कोकणच्या पावसात ते चालूनही जात असेल. ग्लॉकला लागतात मोजके थेंब: स्लाइडच्या खाचांना, नळीच्या वरच्या भागाला, आणि ट्रिगर बार कनेक्टरला जिथे घासतो तिथे एक. हा शेवटचा चुकला तर ट्रिगर जड होतो. फायरिंग पिनच्या भोकात मात्र थेंबही नाही. तिथलं तेल पितळेचा चुरा आणि दारूची काजळी धरून ठेवतं, त्याचा चिखल होतो, पिन मंदावते, टोपीवर उथळ खूण पडते आणि गोळी सुटत नाही. खुंटी अडकते तीही याच चिखलात. सफाईच्या वेळी स्लाइड नळीकडचं तोंड वर करून धरली आणि वरून सोडलेलं द्रावण पिनच्या भोकात उतरलं, तर दोष पिस्तुलाचा नाही.

हलक्या ओढीचे कनेक्टर, मऊ स्प्रिंगा, घरी घासून गुळगुळीत केलेले तुकडे हे सगळं स्पर्धेच्या पिस्तुलात तज्ज्ञाने करायचं काम. खुंटीची स्प्रिंग कमी ताकदीची बसवली की ट्रिगर जरा मऊ लागतो आणि खुंटी खाली धरणारा जोर घटतो. फायदा चिमूटभर, नुकसान दिसत नाही. नोकरीच्या पिस्तुलात मूळ भागच हवेत. उलट दिशेचा प्रयोगही झाला आहे: न्यूयॉर्क पोलिसांनी साधारण १२ पौंडांची, म्हणजे साडेपाच किलोच्या आसपासची ओढ मागितली. चुकून दाबलं जाण्याचं प्रमाण कमी व्हावं हा हेतू, पण ७०० ग्रॅमचं पिस्तूल साडेपाच किलोने ओढायचं म्हणजे नेम हलणारच.

पाचव्या पिढीत खुंटी आणि पिन दोन्हींचा आकार बदलला आहे आणि ट्रिगरची स्प्रिंगही वेगळी आहे, त्यामुळे ओढ आधीच्या पिढ्यांपेक्षा सरळ लागते. मुठीवरच्या बोटांच्या खाचा काढल्या, ते बरं केलं. स्लाइड अडकवायची पट्टी दोन्ही बाजूंना आली, डावखुऱ्यांचे हाल संपले. जुन्या पिढीची पिन किंवा खुंटी यात घालायची नाही. शस्त्रागारात दोन पिढ्या असतील तर सुटे भाग वेगळ्या डब्यांत, नाव लिहून.

सर्वसामान्य परवानाधारकाला हे पिस्तूल भारतात मिळत नाही, ९ मिमी हा प्रतिबंधित बोअर आहे. त्याच्या वाट्याला .३२ येतं, बहुधा रिव्हॉल्व्हर. पण विकत घेताना प्रश्न तोच विचारावा: ट्रिगर दाबलेला नसताना घोडा आणि टोपी यांच्या मध्ये काय आहे? रुगरच्या १९७३ आधीच्या सिंगल ॲक्शन (घोडा दर वेळी हाताने ताणायच्या) रिव्हॉल्व्हरांत काहीच नव्हतं, फिरत्या चक्रातलं घोड्याखालचं घर रिकामं ठेवावं लागायचं. १९७३पासून त्यांनी ट्रान्सफर बार, म्हणजे ट्रिगर दाबला तरच घोड्याचा ठोका पुढे पोहोचवणारी पट्टी, घातला. दुकानदाराला उत्तर देता आलं नाही तर आर्मररला दाखवावं, तोवर घोड्याखालचं घर रिकामं.

आणि ज्यांना ग्लॉक रोज शस्त्रागारातून घेऊन रोज जमा करायचं असतं, त्यांनी चेंबरमध्ये दर वेळी तेच एक काडतूस घालू नये. प्रत्येक वेळी स्लाइड ते जोराने आत ढकलते आणि गोळी काडतुसाच्या पितळी नळकांड्यात थोडी थोडी खाली बसत जाते, मग आतली जागा कमी होऊन दाब वाढतो. नव्या काडतुसाशेजारी उभं करून बघावं. उंची कमी भरली तर ते झाडायचं नाही, वेगळं काढून जमा करायचं.